टिमोथी नावाचं गवत

आपल्याकडे गवताची नावं बहुधा त्याच्या रूपा-गुणांवरून पडतात. कपड्यांत कुसळं रुतवतं, ते कुसळी गवत. पण मुंबई-पुण्यात पाळीव सशांसाठी जे वाळलेलं गवत पाकिटातून विकलं जातं, त्याचं नाव टिमोथी. हे चक्क एका माणसाचं नाव आहे.

हे गवत मूळचं युरोपातलं. वसाहत करायला निघालेल्या लोकांबरोबर त्याचं बी बहुधा नकळतच अमेरिकेत पोचलं. १७११ च्या सुमारास न्यू हॅम्पशायरमध्ये जॉन हर्ड यांना ते रानात वाढलेलं आढळलं, असं सांगतात. त्यांनी ते लावायला सुरुवात केली आणि त्या मुलखात ते 'हर्डचं गवत' झालं. पुढे १७२० च्या सुमारास टिमोथी हॅन्सन यांनी त्याचं बी दक्षिणेकडे, मेरीलँडच्या बाजूला नेलं. तिथल्या शेतकऱ्यांनी त्याला 'टिमोथी' म्हटलं.

एका गवताचं एवढं कौतुक कशासाठी? तिथला हिवाळा लांबलचक. कित्येक महिने कुरणं बर्फाखाली असतात. उन्हाळ्यात कापून वाळवलेली वैरण पुरली, तरच गोठ्यातली गुरं-घोडी जगणार. टिमोथी थंडीला दाद देत नाही, सरळ उभं वाढतं आणि घोडे ते आवडीनं खातात.

पण एका गवताला दोन नावं पडली आणि घोटाळा सुरू झाला. कनेक्टिकटमध्ये जॅरेड इलियट नावाचे धर्मोपदेशक होते. शेतीवर लिहिणारे म्हणूनही ते प्रसिद्ध. त्यांनी बेंजामिन फ्रँकलिन यांना एका नव्या, मोलाच्या गवताचं बी म्हणून 'हर्ड'चं बी दिलं. फ्रँकलिननी ते पेरलं. उगवलं काय, तर नेहमीचं टिमोथी! आपली काहीतरी चूक झालेली दिसते, असं त्यांनी १७४७ मध्ये इलियटना पत्रानं कळवलं. पेनसिल्व्हेनियात तर 'हर्ड' म्हणजे निराळंच गवत समजलं जाई. फ्रँकलिन यांच्यावर वैरणीसाठी अवलंबून राहायची वेळ नव्हती. ज्याचा हिवाळा त्या वैरणीवर निघायचा, त्याला अशी चूक परवडणारी नव्हती.

१७५३ मध्ये स्वीडनच्या लिनियस यांनी वनस्पतींना दोन-दोन शब्दांची शास्त्रीय नावं दिली. त्यात या गवताचं नाव झालं 'फ्लेयम प्राटेन्से'. प्राटेन्से म्हणजे कुरणातलं. त्यात हर्ड नाहीत आणि हॅन्सनही नाहीत.

गंमत पुढेच आहे. १७६० च्या दशकात याच गवताचं बी अमेरिकेहून इंग्लंडला आलं, ते 'टिमोथी' हे नाव घेऊन. वास्तविक तिथल्या कुरणांत ते आधीपासूनच होतं. लोक त्याला 'मांजराचं शेपूट' म्हणत, कारण त्याचा तुरा लांबट आणि गोल असतो.

ज्यांना ते सापडलं, त्या हर्ड यांचं नाव मुख्यतः न्यू इंग्लंडपुरतं राहिलं. ज्यांनी बी गावोगावच्या शेतकऱ्यांपर्यंत पोचवलं, त्यांचं नाव मात्र गवताबरोबर जगभर गेलं.