कॉक्लियर इम्प्लांट

आंतरकर्णातील निकामी पेशी टाळून श्रवणचेतेला थेट विजेचे स्पंद पोचवणारे उपकरण. चेतासंस्थेला यंत्राशी जोडणाऱ्या साधनांपैकी माणसाच्या रोजच्या वापरात सर्वांत जास्त रुळलेले हेच. जगभरात अशी दहा लाखांहून अधिक उपकरणे बसवली गेली आहेत.

साधे श्रवणयंत्र आवाज मोठा करते. पण कॉक्लिया या शंखासारख्या वेटोळ्या नळीतील केशपेशीच मेल्या असतील, तर मोठा आवाजही चेतेपर्यंत जात नाही. इम्प्लांटमध्ये कानामागचा प्रोसेसर ध्वनी टिपून त्याच्या उंच-खालच्या पट्ट्या वेगळ्या करतो. लोहचुंबकाने डोक्याला चिकटलेली कॉइल या पट्ट्यांची माहिती रेडिओलहरींनी त्वचेखालच्या भागाकडे पाठवते. तेथून कॉक्लियात सरकवलेल्या बारीक तारेवर साधारण १२ ते २२ इलेक्ट्रोड असतात. कॉक्लियाच्या तोंडाशी उंच स्वर आणि आतल्या टोकाशी खर्ज ही रचना मुळातलीच. म्हणून ज्या जागी स्पंद पडतो, त्या जागेचा स्वर ऐकू येतो. मात्र श्रवणचेतेत सुमारे ३०,००० तंतू असतात. त्यांच्यापुढे २२ टोके फारच थोडी. त्यामुळे शांत खोलीतले बोलणे समजते, गर्दीतले निसटते आणि गाण्यातली सुरावट ओळखणे बहुतेकांना अवघड जाते.

१९५७ साली पॅरिसमध्ये आंद्रे जूर्नो व शार्ल एरिएस यांनी बहिऱ्या रुग्णाच्या श्रवणचेतेला विजेने चेतवले. १९६१ मध्ये लॉस एंजेलिसला विल्यम हाउस यांनी पहिली रोपणे केली. मेलबर्नचे ग्रेम क्लार्क यांनी वडिलांचा बहिरेपणा लहानपणापासून पाहिला होता. लवचीक तार वेटोळ्यात शिरावी कशी, हे कोडे त्यांना समुद्रकिनारी उलगडले: शेंड्याला मऊ आणि बुडाशी ताठ असलेली गवताची पाती शंखात सहज आत गेली. १ ऑगस्ट १९७८ रोजी त्यांनी अनेक इलेक्ट्रोडांचे रोपण केले. व्हिएन्नात इंगेबोर्ग व एर्विन होखमायर यांचे तसेच उपकरण १९७७ मध्येच बसवले गेले होते. सर्व इलेक्ट्रोड एकदम न चेतवता आळीपाळीने चेतवण्याची ब्लेक विल्सन यांची पद्धत १९९१ साली प्रसिद्ध झाली आणि बोलणे कळण्यात मोठी सुधारणा झाली. क्लार्क, इंगेबोर्ग होखमायर व विल्सन यांना २०१३ चा लास्कर पुरस्कार मिळाला.

यंत्र फक्त स्पंद देते; त्यातून शब्द ओळखायला मेंदूला शिकावे लागते. जन्मतः बहिऱ्या मुलाचे रोपण पहिल्या काही वर्षांतच व्हावे, ते यासाठी. भारतात केंद्राच्या ‘एडिप’ योजनेतून गरजू मुलांना हे उपकरण मिळते. मुंबईत वांद्र्याची अली यावर जंग राष्ट्रीय संस्था त्याचे काम पाहते. पण शस्त्रक्रिया झाली म्हणजे काम झाले, ही समजूत मुलाचे नुकसान करते. पुढे कित्येक वर्षे स्पीच थेरपी, बॅटऱ्या, तुटणाऱ्या वायरी आणि घरी रोज बोलत राहणे असते. खुणांची भाषा मात्र बंद करू नये. रात्री प्रोसेसर काढला की मुलाला पुन्हा काहीच ऐकू येत नाही, आणि अंधारात घाबरून उठले तर आईचे हातच त्याच्याशी बोलू शकतात.