७८, ४५ आणि १६ : एका तबकडीची दुरुस्ती

जानेवारी १९७३. हॅम्बर्गच्या एका स्टुडिओत क्लाउस डिंगर आणि मिशाएल रोटर अडचणीत सापडले होते. क्राफ्टवेर्क सोडून १९७१ मध्ये या दोघांनी 'नॉय!' नावाची जोडी जमवली होती. दुसऱ्या तबकडीची एक बाजू भरली आणि पैसे संपले. हाताशी होती १९७२ ची त्यांचीच छोटी तबकडी, 'झूपर' आणि 'नॉयश्ने' या दोन रचनांची. ती त्यांनी रेकॉर्ड प्लेअरवर ७८ आणि १६ च्या वेगाने फिरवली, आणि तो आवाज दुसऱ्या बाजूवर घातला! अनेक श्रोत्यांना ही फसवणूक वाटली.

आपल्याला मात्र हा ध्वनीच्या धड्यातला सुंदर प्रयोग वाटतो. खाचेत कोरलेल्या लाटा बदलत नाहीत. बदलते ती सुईखालून दर सेकंदाला सरकणाऱ्या लाटांची संख्या. ४५ फेऱ्यांना ४४० हर्ट्झ असलेला स्वर ७८ ला सुमारे ७६३ होतो, आणि १६ ला (खरे तर १६ पूर्णांक दोन तृतीयांश) जेमतेम १६३. पट्टी चढते तशी लयही पळते. एकीला सोडून दुसरी बदलता येत नाही. मुलांना गुणोत्तर शिकवायला याहून गमतीचे उदाहरण आम्हांला तरी सुचत नाही.

दोघांचे आपसांत जमेना, म्हणून या तबकड्यांची अधिकृत सीडी निघायला २००१ साल उजाडले. गायक हर्बर्ट ग्रोनेमायर यांच्या ग्रोनलांड कंपनीने ती काढली. मूळ ध्वनिमुद्रक कोनी प्लांक १९८७ मध्येच वारले होते.

रीमास्टरिंग म्हणजे जुन्या मुद्रणाची नवी प्रत बनवताना खरखर काढणे, आवाजाचा समतोल साधणे, वेगातली चूक सुधारणे. पण इथे वेगातली चूक हीच रचना! 'कासेटो' नावाच्या तुकड्यात तर कॅसेटयंत्राची अडखळ मुद्दाम ठेवलेली आहे. मग काळाने लागलेला डाग कोणता आणि १९७३ मध्ये हौसेने लावलेला कोणता? जुन्या पोथीचा पाठ ठरवताना नकलाकाराची चूक आणि कवीची लकब वेगळी काढावी लागते, तसेच हे. सफाईचा हात जरा जड पडला, तर इतिहासच पुसला जाईल.

सुदैवाने वेगापुरता ताळा घेता येतो. त्याच बाजूवर दोन्ही रचना मूळ वेगातही आहेत. तोच स्वर दोन्हीकडे मोजायचा आणि भागाकार १.७३ च्या आसपास येतो का, ते पाहायचे. खरखरीसाठी मात्र असा भागाकार नाही. तिथे कानच लागतो.