तारामती : साळुंके ते दुर्गाबाई

टेंभी नाक्यावर नवरात्राची गर्दी सुरू झाली की माझे बाहेर पडणे कमी होते आणि वाचन वाढते. यंदा दादासाहेब फाळके हाती लागले.

पहिला भारतीय चित्रपट कोणता, फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) की तोरण्यांचा ‘पुंडलिक’ (१९१२), हा वाद आपल्याकडे हिरिरीने घातला जातो. ‘पुंडलिक’ हे नाटकाचे चित्रण होते, एवढे सांगून मी पुढे जाते. मला रस आहे तो तारामतीत.

त्या कामासाठी फाळक्यांना बाई मिळेना. जाहिराती दिल्या, वेश्यावस्तीतही चौकशी केली, पण जमले नाही. अखेर उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. (१९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये तर राम आणि सीता, दोन्ही तेच!) १९१३ सालीच गंधर्व नाटक मंडळी निघाली. म्हणजे स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषाला महाराष्ट्र डोक्यावर घेत होता, पण तेच काम बाईने केले तर ती वाया गेलेली!

तरीही त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. मुलगी जेमतेम तेरा वर्षांची. नवऱ्यापासून वेगळ्या राहणाऱ्या दुर्गाबाईंपुढे पोटाचा प्रश्न होता.

१९३२ मध्ये ‘प्रभात’ने हरिश्चंद्राचीच कथा ‘अयोध्येचा राजा’ म्हणून बोलपटात आणली. आता तारामती होत्या दुर्गा खोटे, शिकलेल्या, सधन लाड घराण्यातल्या. आदल्या वर्षीच्या पहिल्या चित्रपटाने त्यांनाही टीका सोसावी लागली होती, या तारामतीने मात्र नाव मिळवून दिले. ‘घरंदाज स्त्रीने सिनेमाला प्रतिष्ठा दिली’ असे आपण कौतुकाने लिहितो. मला ते वाक्य खटकते. एकोणीस वर्षे आधी आलेल्या दुर्गाबाई घरंदाज नव्हत्या की काय? त्यांच्याकडे पैसा नव्हता, एवढेच.

हे सगळे जुने झाले म्हणावे, तर माझ्या नोकरीत एका स्नेहसंमेलनाच्या वेळी एका मुलीचे वडील आले. “बाई, उद्या तिचं लग्न जमवायचंय, नाटकात नको.” तिची भूमिका आठवीतल्या एका मुलाला दिली. तिला सगळे संवाद पाठ होते. विंगेत उभी राहून तीच त्याला सांगत होती.

ती लहानगी कमला म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, विक्रम गोखल्यांच्या आजी. त्यांच्या उतारवयात रीना मोहन यांनी ‘कमलाबाई’ नावाचा माहितीपट केला. कुणाला मिळाला तर जरूर पाहा.